फक्कीच्या भिंती

देवपूर, धुळे
बुधवार, २४ मे १९८९

ती. पुनाभाऊजींच्या सेवेशी, मुक्काम दीपनगर,

धुळ्याहून तुमचा शालक अभिमन याचा सप्रेम जयभीम. आमच्याकडे कोणी आजारी नाही, कोणी रुसून माहेरी गेलेलं नाही आणि नळाला एक दिवसाआड का होईना पाणी येतं, तेव्हा आम्ही खुशाल आहोत असं समजावं. लिलाक्काचा गुडघा कसा आहे? तिला म्हणावं, निरगुडीचा शेक चालू ठेव आणि जिना उतरून हाका मारायच्या ऐवजी वरूनच हाका मार, आवाज तिचा पुरतो. तुमच्याकडे वीजकेंद्राची राख यंदा फार उडते असं ऐकलं. इकडे नुसतं ऊन उडतंय. तुमच्या ब्लडप्रेशरची चौकशी मी करत नाही, कारण तुमचं पत्र वाचून ते कळलंच. दुसऱ्या पानावर, जिथे 'उत्पला' हे नाव आलं आहे, तिथे पेनाने कागद फाटला आहे.

तुमच्या पत्रातला मजकूर मला पूर्ण मान्य आहे. हे आधीच लिहून टाकतो, म्हणजे पुढे वाचताना तुम्ही उगाच चष्मा काढून टेबलावर आपटणार नाही. मुलीला आर्किटेक्ट केलं ते मुंबईच्या ऑफिसात खुर्चीवर बसून मोठाल्या इमारती काढायला, वस्तीत जाऊन जमिनीवर फक्कीच्या रेघा मारायला नव्हे. आपण ज्या वस्तीतून वर आलो तिथेच ही उलटी खाली निघाली. मुंबईच्या साहेबांनी तिची खुर्ची एक जूनपर्यंत राखून ठेवली आहे, हे त्यांचे उपकार. तेव्हा येत्या रविवारी तिला ट्रंक आणि नकाशांच्या गुंडाळ्यांसकट भुसावळच्या गाडीत बसवून द्यावं, असा तुमचा हुकूम. मान्य. मी एस.टी.चा वाहतूक नियंत्रक माणूस, गाडीत माणसं बसवणं हीच माझी भाकरी. (माणसं बसत नाहीत तो भाग वेगळा. ती खिडकीतून रुमाल टाकतात.) फक्त एका सख्ख्या भाचीला गाडीत बसवायला मामाला इतका वेळ का लागतो आहे, याचा खुलासा वडीलधाऱ्यांना करणं माझं कर्तव्य आहे, म्हणून हे पत्र. थोडं लांबेल. पाणी पिऊन बसा.

तर आमच्या घरासमोरचं मैदान तुम्हाला आठवत असेल. मागे तुम्ही आला होतात तेव्हा तिथे म्हैस बसली होती आणि तुम्ही म्हणाला होतात की जागा मोक्याची आहे. त्याच जागेवर पांझरेच्या काठावरची वस्ती हलवायचं ठरलं आहे, कारण दर पुराला त्यांची भांडी नदीत जातात. हलवणारं एक खातं आहे. (कोणतं ते लिहीत नाही. मी नोकरीवाला माणूस आहे आणि पत्रं फुटतात.) खात्याचा बेत सरळ होता. एका ओळीत खोल्या, मागे दुसरी ओळ, प्रत्येक खोलीला एक दार, एक खिडकी, एक नंबर. ठेकेदारही तयार होता, त्याच्या पायातले बूटसुद्धा नवे होते. मध्ये आमची उत्पला गेली आणि खात्याच्या साहेबांना म्हणाली, राहणार ते लोक आहेत, तर घरं त्यांनाच आखू द्या, बांधकामाला हातही तेच लावतील, माझी संस्था देखरेख करील. साहेब हसले. म्हणाले, मे संपायच्या आत सगळ्यांना मान्य असलेली आखणी मला जमिनीवर दाखवा. दाखवली तर तुमचं, नाही तर खोल्या. साहेबांना वाटलं, सगळी वस्ती एका गोष्टीला हो म्हणेल हे काही या जन्मी होत नाही. अनुभवी माणूस आहे. आता तुम्ही विचाराल की संस्था म्हणजे कोण. संस्था म्हणजे उत्पला, माझी सायकल आणि माझा ओटा. यांपैकी सायकलीच्या वापराबद्दल मला कोणी विचारलेलं नाही.

आधी तिने वस्तीला आमच्या ओट्यावर बोलावून नकाशे दाखवले. लोक आले, चहा प्याले आणि प्रत्येक नकाशाला हो म्हणाले. एकाच घराचे तीन निरनिराळे नकाशे होते, तिन्हींना हो म्हणाले. आपल्याकडे कोणी चहा पाजून कागद पुढे केला तर नाही म्हणणं बरं दिसत नाही, एवढीही रीत त्या मुंबईच्या कॉलेजात शिकवत नाहीत. ते गेल्यावर ही रडायला बसली. का, तर लोक सहमत झाले म्हणून. भाऊजी, मी इतकी वर्षं स्टँडवर नोकरी केली, माझ्याशी एकही प्रवासी कधी सहमत झालेला नाही, पण मी रडलो नाही. मग तिने थर्माकोलचं छोटं गाव केलं. बायकांना ते इतकं आवडलं की त्यातलं एक घर आजही आमच्या शोकेसमध्ये आहे, पण त्यात मोरी कुठे हवी हे कोणी सांगेना. शेवटी तिच्या डोक्यात ती फक्की आली. कबड्डीच्या मैदानावर रेघा मारतात ती पांढरी भुकटी. ती म्हणाली, कागद राहू द्या, जमिनीवरच खऱ्या मापाचं घर काढा, त्यात चार दिवस वावरा, चुकलं तर पायाने पुसा आणि पुन्हा काढा. फक्कीची पोती घेवरचंद मारवाड्याच्या दुकानातून आली. त्याने मला रस्त्यात थांबवून विचारलं, बाबूजी, देवपुरात स्पर्धा कोणती भरवताय, आमच्या दुकानाचा बोर्ड लावू का?

पहिल्या दिवशी पुरुषांनी घरं काढली. चार रेघा, एक दार, आणि गेले चहाला. (पुरुषाला घरात लागतं काय? बाहेर पडायला दार.) दुपारी बायका आल्या, त्यांनी आपापल्या धन्याचं घर पायाने पुसलं आणि नव्याने सुरुवात केली. आणि काय सांगू, प्रत्येकीने आधी ओटा काढला. चूल नाही, माजघर नाही, ओटा. आपल्या खानदेशातली बाई पापड, बिबडे ओट्यावर करते, उन्हाळाभर झोपते ओट्यावर, भांडते ओट्यावरून, घर म्हणजे फक्त कुलूप लावण्यापुरती मागची बाजू. उत्पला इतकी खूश झाली की रात्रीचं जेवण विसरली. तिचं जेवण वाया जाऊ नये म्हणून ते मला जेवावं लागलं.

'चार दिवस वावरा' हे तिने म्हणायला नको होतं. लोकांनी ते मनावर घेतलं. सकाळी उठून बघतो तर मैदानात संसार मांडलेले. कोणी खाट आणली, कोणी पाटा-वरवंटा आणला, कोणी फक्कीच्या उंबऱ्याबाहेर चपला काढून आत जाऊन नुसतंच बसलं. मंजुळाबाई आणि इंदिराबाई या दोघींचं वैर नदीकाठापासूनचं, आणि चिठ्ठ्या टाकल्या तर नेमक्या त्या शेजारी आल्या. दोघींनी आपापली भिंत वेगळी काढली आणि मध्ये एक मांजर जाईल एवढी जागा राहिली. त्या जागेवरून दोन दिवस भांडण. भांडणाची तऱ्हा अशी की दोघी हातभर अंतरावर बसलेल्या, पण मधे भिंत, म्हणून एकमेकींकडे बघायचं नाही. मंजुळाबाई आभाळाकडे तोंड करून ओरडायची, "तिले सांगा, तिन्हा पाटा मन्ही भितीले लागस." आणि इंदिराबाई तिथेच बसून मिरची वाटता वाटता म्हणायची, "मी घरमझार शे. माले काही आयकू येत नही." मी शहाणपणा करून मध्यस्थीला गेलो. वयाने मोठा, खाकी कपडे, आवाजाची सवय, म्हटलं आपलं ऐकतील. सरळ चालत गेलो तर दोघी एकदम माझ्यावरच उलटल्या. "दारथून या ना भाऊ! भीत दिसत नही का?" त्या दिवशी दोघींचं एकमत झालेली ती एकच गोष्ट. मी मागे फिरलो, वळसा घातला आणि दारातून आत गेलो. भाऊजी, मी खोटं कशाला लिहू, आत शिरताना मी मान खाली घातली. चौकट लागेल म्हणून.

याचा आमच्या घरावर काय परिणाम झाला तोही ऐका. आमची मंडळी नर्मदा रोज तिकडे जाते, हातभार लावायला. आल्यावर आपल्या पक्क्या, विटा-सिमेंटच्या, मी कर्ज फेडून सोडवलेल्या घराकडे अशी बघते जसं काही ते कोणी तिच्या गळ्यात मारलं आहे. स्वयंपाकघराची खिडकी चुकीच्या बाजूला आहे हे तिला अठरा वर्षांनी कळलं. परवा मी ड्यूटीवरून आलो तर स्वयंपाकघरातल्या भिंतीवर फक्कीची मोठी फुली. म्हणाली, इथून फोडायची. मी म्हटलं, बाई, ही खरी भिंत आहे. तर म्हणाली, तोच तर घोळ झालाय.

यानंतरचा प्रसंग लिहू की नको असं झालं होतं, पण लिहितो. मंजुळाबाईचा मुलगा भटू रिक्षा चालवतो. सरळ मुलगा आहे, मीटर नसल्यामुळे मीटरमध्ये फसवत नाही. त्याचं अमळनेरकडे जमत आलं होतं. आखाजीचा सण झाला आणि मुलीकडची मंडळी घर पाहायला येतो म्हणाली. आता घर कोणतं दाखवायचं? नदीकाठचं खोपट दाखवलं तर सोयरीक तिथेच बुडाली. मंजुळाबाईने मला वडीलधारा म्हणून बोलावून घेतलं आणि पाहुण्यांना घेऊन सरळ मैदानात आली. पुढे ती, मागे मुलीचे वडील आधारभाऊ, त्यांची बायको, एक काका, आणि शेवटी मी, जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं असा चेहरा करून. 'घर पाहावं बांधून आणि लग्न पाहावं करून' असं म्हणतात, पण दोन्ही फक्कीत पाहण्याची पाळी माझ्याशिवाय कोणावर आली नसेल.

आधारभाऊ रेघेपाशी थांबले. खाली बघितलं. इकडे तिकडे बघितलं. मग वाकून त्यांनी जोडे काढले आणि दारातून आत आले. माझा जीव भांड्यात पडला. आम्हाला बैठकीत खाटेवर बसवलं. त्यांच्या बायकोला माजघरात नेलं, म्हणजे आमच्या पाठीमागे अडीच हातांवर, आणि तिथे बायका कुजबुजत बोलायला लागल्या, कारण बाहेर पुरुष बसले होते. मुलीची आई विचारत होती, मुलगा पितो का. आम्हाला शब्दन् शब्द ऐकू येत होता आणि आम्ही सगळे भिंत असल्यामुळे ऐकत नव्हतो. भटूसुद्धा नव्हता ऐकत, फक्त त्याचे कान लाल झाले. चहा स्वयंपाकघरातून निघाला तो माजघर, बैठक असा रीतसर फिरत आला आणि गार झाला. काकांनी विचारलं, बैठकीला खिडकी कोठे शे? भटू उठला, मूठभर फक्की आणली आणि पूर्वेला खिडकी काढली. काकांनी थोडं सरकून घेतलं, म्हणाले ऊन तोंडावर येतंय.

जाताना आधारभाऊंनी निर्णय दिला. "घर मोकळं शे. हवा चांगली शे." पुढे स्टँडवर त्यांना गाडीत बसवताना मी लाजेकाजेने म्हणालो, पाहुणे, मनावर घेऊ नका, गरीब माणसं आहेत. तर ते माझ्यावरच रागावले. म्हणाले, "बठ्ठा लोके शे त्यापेक्षा मोठं दखाडतस. यासनी जे नही ते दखाडं, पण नही हाई बी दखाडं. लबाडी काय करी?" थोडक्यात, घर नाही हेही ज्यांनी लपवलं नाही त्यांनी लबाडी केली कुठे? त्यांची अट एकच. दिवाळीनंतर लग्न, आणि मुलगी सासरी येईल तेव्हा तिची गाडी दारात लागली पाहिजे, तिने चिखल तुडवत घरात यायचं नाही. मंजुळाबाईने ती अट छाती पुढे काढून मान्य केली आणि तेव्हापासून तिचा ओटा रोज दोनदा झाडला जाऊ लागला.

इथवर सगळं ठीक होतं. साहेब सोमवारी पाहणीला येणार होते. रविवारी दुपारी, लोक उन्हाचे सावलीला गेलेले असताना, साक्रीकडचा एक ठेलारी त्याचा मेंढ्यांचा कळप घेऊन नदीतल्या डबक्याकडे निघाला. वर्षानुवर्षं त्याची वाट या मैदानातून. मेंढी ही काही दारातून जाणारी जात नव्हे. कळप या टोकाने शिरला आणि त्या टोकाने बाहेर पडला, आणि मागे ना बैठक ना माजघर, सगळीकडे नुसती पांढुरकी धूळ आणि लेंड्या. वस्ती धावत आली. मंजुळाबाईने असा हंबरडा फोडला की लोकांना वाटलं कोणी गेलं. ठेलारी बिचारा काठी धरून उभा. त्याने माझ्याकडे बघून विचारलं, "भाऊ, आठे घरे कवय हुईनात?" इथे घरं झाली कधी, असं त्याचं म्हणणं. पण झालेली होती, भाऊजी. मला स्वतःला मंजुळाबाईची बैठक पुसल्याचं वाईट वाटत होतं, मी तिथे चहा प्यालो होतो.

लोकांनी संध्याकाळपर्यंत पुन्हा सगळी घरं काढली. आठवणीने. कोणी लबाडी केली असं मी म्हणणार नाही, सगळ्यांनी अगदी मनापासून आठवून काढली. पण माणसाला आपलं घर आठवतं ते नेहमी थोडं मोठंच आठवतं. प्रत्येकाचा ओटा एक-दोन हात पुढे आला. या बाजूचे ओटे पुढे आले, त्या बाजूचे पुढे आले, आणि मधली गल्ली नाहीशी झाली. समोरासमोरचे ओटे एकमेकांना चिकटले. आता घरातून बाहेर पडायचं तर समोरच्याच्या ओट्यावरून जायचं, आणि समोरचा म्हणतो, मन्हा ओटावर पाय देऊ नको.

सोमवारी सकाळी साहेब जीपमधून उतरले. मागून ठेकेदार, त्याच बुटांत. साहेबांनी टेप काढली, इकडे बघितलं, तिकडे बघितलं आणि विचारलं, रस्ता कुठाय? मग सगळेच बोलायला लागले. ज्याने त्याने शपथ घेतली की आपलं घर होतं तेवढंच आहे, सरकला तो समोरचा. मी माझा स्टँडवरचा आवाज लावला, 'सर्व ओटेधारकांनी कृपया एक एक हात मागे सरकावं.' या आवाजाने मी चालू गाड्या थांबवल्या आहेत. इथे एक फक्कीचा कण हलला नाही. साहेब ठेकेदाराकडे बघून हसले आणि ठेकेदार वहाणा... म्हणजे बूट सरसावून पुढे झाला. मी उत्पलाला म्हटलं, अगं, मेंढ्यांच्या आधी तू उतरवून घेतलेला नकाशा पिशवीत आहे, त्यात सगळी मापं आहेत, काढ तो आणि सांग कोण कुठे होतं. ती म्हणाली, "मी सांगितलं तर ते माझं होईल, मामा. यांचं होणार नाही." आणि मंजुळाबाईच्या ओट्यावर जाऊन बसली. ओठ आत ओढलेले, डोळ्यांत पाणी आणि मान ताठ. भाऊजी, लिलाक्काच्या लग्नात हारावरून बिनसलं होतं तेव्हा तुम्ही मांडवात असेच बसला होतात. मला इतका संताप आला, म्हटलं हिला रविवारपर्यंत कशाला, आत्ताच्या गाडीला बसवतो.

तेवढ्यात मंजुळाबाई उठली. ती इतका वेळ भांडत नव्हती हे माझ्या आधी ध्यानात यायला हवं होतं. ती आपल्या दारात उभी राहिली आणि रस्ता जिकडून यायचा तिकडे बघत म्हणाली, "नवरीनी गाडी कथाईन येई?" गाडी येणार कुठून, रस्ताच ओट्यांखाली गेला होता. तिने उत्पलाला दंडाला धरून उठवलं, लुगडं थोडं वर खोचलं आणि पायाने आपला ओटा पुसायला लागली. हात-दोन हात नाही, सगळाच. ज्या ओट्यावर तिने व्याह्यांना मिरवून आणलं होतं, जो ती दिवसातून दोनदा झाडत होती, तो. मैदानात नुसता तिच्या पायाचा आवाज येत होता.

हे बघून इंदिराबाईला राहवलं नाही. वैरी मोठ्या मनाची ठरावी हे कोणाला सोसतं? ती तरातरा आली आणि म्हणाली, "तूच एकली मोठा मननी शे का?" आणि तिने आपला ओटा पुसला, शिवाय वर बैठकीचा एक हात. मग समोरच्यांनाही बसवेना. एकाने पुसला म्हणून दुसऱ्याने, दुसऱ्याने पुसला म्हणून तिसऱ्याने, असं करत दुपारपर्यंत गल्ली इतकी रुंद झाली की साहेब म्हणाले, बस करा, मला हायवे नकोय. (त्यावरूनही भांडण झालंच. कोणी किती पुसला, यावरून.) मग सगळ्यांनी मिळून ठरवलं की ओट्याशिवाय काही जमणार नाही, तेव्हा गल्लीच्या एका अंगाला, निंबाखालून, एकच लांब ओटा काढायचा, सगळ्यांचा. तो काढताना मंजुळाबाई आणि इंदिराबाई फक्कीची पाटी दोन बाजूंनी धरून चालत होत्या, अर्थात एकमेकींकडे न बघता. साहेबांनी आखणी मान्य केली. ठेकेदाराच्या बुटांवर फक्की बसली होती, ती झटकत तो जीपमध्ये जाऊन बसला.

तर हा असा सगळा प्रकार. आता तुम्हीच सांगा, अशा ठिकाणी शिकलेली मुलगी ठेवावी का? मुळीच ठेवू नये. ऊन डोक्यावर, जेवणाचा पत्ता नाही, संगत मेंढ्यांची. मी तुमच्याच बाजूचा आहे, पूर्वीही होतो. रविवारी मी जातीने तिला खिडकीजवळची जागा देऊन बसवून देतो. लिलाक्काला गुडघ्याचं सांगा, वीजकेंद्रातल्या ओळखीच्या मंडळींना जयभीम सांगा. पत्रात काही उणंअधिक वाटलं तर ते उन्हाच्या नावावर मांडावं.

तुमचा आज्ञाधारक,
अभिमन

ता. क. एक बारीकशी गोष्ट राहिली. साहेबांनी मान्यता देताना अट घातली आहे की पाया भरण्यापासून छत चढेपर्यंत आर्किटेक्ट जागेवर हजर पाहिजे. आर्किटेक्ट गेली की मान्यता गेली, आणि मग खोल्या. ठेकेदाराने उत्पला मुंबईला कधी जाणार याची माझ्याकडे दोनदा गोडीने चौकशी केली. मी म्हटलं, तिच्या वडिलांना विचारा. तुमचा पत्ता मात्र दिला नाही.

आणखी एक ता. क. रविवारच्या भुसावळ गाडीचं मी बघितलं. लग्नसराई आहे, जागा मिळणार नाही. मिळत असली तरी मी मिळू देणार नाही. सोमवारचंही तेच. तुम्ही रागावणार, रागवा. वस्तीतून आपण वर आलो हे तुम्ही लिहिलंत ते खरं, त्यात तुमचे कष्ट मी डोळ्यांनी पाहिले आहेत. पण आमच्या आईला तिच्या आयुष्यात कोणी विचारलं नाही की बाई, तुझी चूल कुठे मांडू. इथे मंजुळाबाईला विचारलं, आणि ते तुमच्या मुलीने विचारलं. मला तिचं फार कौतुक वाटतं, भाऊजी. हे समोर बोलायची आपल्याकडे सवय नाही म्हणून लिहितो.

शेवटचं. आता मुद्द्याचं लिहितो, ताकाला जाऊन भांडं कशाला लपवायचं. नव्या आखणीत नळ आहेत, गटार आहे, निंबाला पारसुद्धा आहे, पण दिव्याचे खांब नाहीत. एकही नाही. मला वाटलं विसरली. काल संध्याकाळी बघतो तर फक्कीची मूठ भरून ती त्या लांब ओट्यापाशी उभी, चार पावलं पुढे जाते, थांबते, मागे येते, आणि मूठ तशीच बंद. मी विचारलं तर म्हणाली, "खांबांचं आबांना विचारावं लागेल. दीपनगर कॉलनीचे सगळे दिवे त्यांनी लावलेत, त्यांना कळतं उजेड कुठपर्यंत पोचतो." मी म्हटलं, मग विचार ना. तर ओठ आत ओढून घरात गेली. ती विचारणार नाही आणि तुम्ही आपणहून सांगणार नाही, तेव्हा तुम्हीच दोन दिवसांची रजा टाकून या. येताना पक्कड आणि टेस्टर आणा. फक्की इथे आहे.